‘घरातलं घरात मिटवा’ या प्रतिक्रियेला उत्तर

दादा, तुमची कमेंट नीट वाचली. तुमचं म्हणणं असं की मेलबर्नच्या कट्टर ज्यू समाजातल्या शाळेत मुख्याध्यापिकेकडून झालेल्या लैंगिक अत्याचाराबद्दल लिहून मी आधीच एवढं सोसलेल्या लोकांची बदनामी केली, त्यांचे रब्बी (धर्मगुरू) आहेत ना, ते बघतील, आणि तिथे शिकलेल्या त्या तीन बहिणींना इतक्या वर्षांनी कसं काय आठवलं.

शेवटच्या मुद्द्यापासून सुरू करते. त्यांच्यातल्या डॅसी अर्लिकने २००८ सालीच थेरपिस्टला सगळं सांगितलं होतं. ते शाळेपर्यंत पोचलं आणि पोलिसांना फोन जायच्या ऐवजी मुख्याध्यापिका मल्का लायफरचं इस्रायलचं तिकीट निघालं, रातोरात. २०१५ मध्ये व्हिक्टोरियाच्या सुप्रीम कोर्टाने डॅसीला साडेबारा लाख डॉलरच्या वर भरपाई मंजूर केली आणि या पळवापळवीवर कडक ताशेरे ओढले. मग लायफरला परत पाठवण्यावरून इस्रायलमध्ये सत्तरच्या वर सुनावण्या, बाई आजारी आहेत आजारी आहेत करत, ती ऑस्ट्रेलियात परत आली २०२१ ला आणि १५ वर्षांची शिक्षा झाली २०२३ ला. दोन बहिणींच्या बाबतीतले आरोप सिद्ध झाले, तिसरीचे नाही झाले, आणि ती तिसरीही शेवटपर्यंत त्यांच्यासोबत उभी होती. उशीर त्यांनी केला का दादा?

रब्बींचं म्हणाल तर, आपल्या माणसाला परक्या सरकारच्या ताब्यात देऊ नये हा जो ‘मेसिरा’चा नियम आहे तो राजेरजवाड्यांच्या जुलमातून आलाय, ती भीती मला कळते. पण मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराला तो लागू होत नाही असं कितीतरी ऑर्थोडॉक्स रब्बीच सांगतात, आणि शेजाऱ्याचा जीव जात असताना नुसतं बघत राहू नको हेही तोरा या ज्यू धर्मग्रंथातच आहे.

खरा त्रास बोलल्यानंतर सुरू होतो हो. ब्रुकलिनच्या विल्यम्सबर्गमध्ये २०१२ साली एका मुलीवरच्या लैंगिक अत्याचाराचा आरोप असलेल्या नेखेम्या वेबरमनसाठी निधी गोळा करायला हॉल भरून माणसं आली, आणि साक्ष देणाऱ्या त्या मुलीचा भर कोर्टात फोटो काढला गेला. त्या समाजात शाळा, लग्न, नोकरी सगळं एकाच वर्तुळात, मुलगी बोलली की तिच्या धाकट्या भावंडांची स्थळंसुद्धा अडतात. अशा मुलीला आपण बाहेरून ‘सोड तो धर्म’ म्हणणं हाही आधार नाही, कारण कित्येकींना धर्म सोडायचाच नसतो, त्यांना शब्बाथला, म्हणजे आठवड्याच्या पवित्र विश्रांतीच्या दिवशी, सिनेगॉगमध्ये (प्रार्थनास्थळात) आपली जागा हवी असते, कोणीतरी जेवायला बोलवायला हवं असतं, कोर्टात शेजारी बसायला ओळखीचं माणूस हवं असतं. म्हणून जेरुसलेमची ताहेल किंवा न्यूयॉर्कची अमुदीम, अशा धार्मिक लोकांनीच चालवलेल्या, पीडितांना आधार देणाऱ्या संस्था मला महत्त्वाच्या वाटतात, तिथे आपला शब्बाथ, आपले नियम पहिल्यापासून समजावत बसावं लागत नाही.

आता बदनामी. ज्यू समाजाची मान खाली जाईल म्हणताय, पण डॅसीच्या बाजूने उभे राहिले त्यातले कितीतरी ज्यूच होते, धार्मिक आणि धर्म सोडलेले दोन्ही. पोस्ट काढा म्हणालात, ती नाही काढणार. त्या बहिणींनी स्वतःच्या नावानिशी, चेहरा दाखवून हे जगाला सांगितलंय, ते मी कोणासाठी झाकू?