वेगापेक्षा वारा महत्त्वाचा

हवाई युद्धाच्या प्रगतीवरचा एक लेख वाचला; त्यात ती विमानांच्या वेगाच्या चढत्या आकड्यांनी मांडली आहे. नौदलाच्या विमानांना तो निकष पुरत नाही. मुंबईत 2012पर्यंत संग्रहालय म्हणून उभ्या असलेल्या जुन्या विक्रांत या विमानवाहू जहाजाचंच बघा. 1971मध्ये तिच्या चारपैकी एका बॉयलरला तडे गेले होते, त्यामुळे वेग सुमारे 16 नॉटवर (नॉट म्हणजे ताशी एक सागरी मैल) रोखावा लागला. फरक पोहोचायला लागणाऱ्या वेळेपुरता नव्हता. विमानाला उचलते ती पंखांवरून जाणारी हवा, आणि डेकवर ती मिळते जहाजाचा वेग अधिक समोरचा वारा यातून. जहाज 8 नॉट मंदावलं की तेवढी भर वाफेच्या कॅटापुल्टने, म्हणजे विमान झटक्यात पुढे फेकणाऱ्या यंत्राने, घालायची, नाहीतर बॉम्ब किंवा इंधन कमी करायचं. उतरताना तर जास्तच पंचाईत, कारण विमानाला डेकवर अडवणाऱ्या तारेवरचा भार जहाजाच्या तुलनेतल्या विमानाच्या वेगाच्या वर्गाप्रमाणे वाढतो. तरीही 4 डिसेंबरला तिच्यावरच्या सी हॉक विमानांनी तेव्हाच्या पूर्व पाकिस्तानातल्या कॉक्स बाजारवर हल्ला केला. हे श्रेय वैमानिकांइतकंच बॉयलर रूममधल्या माणसांचं आहे, आणि लेखात त्यांना एक ओळही नाही!

2022मध्ये दाखल झालेल्या नव्या विक्रांतवर कॅटापुल्ट नाही, स्की जंप म्हणजे टोकाला वर वळलेला डेक आहे. तिथलं मिग-29के हे लढाऊ विमान स्वतःच्या इंजिनाच्या जोरावरच उडतं, म्हणून वारा पडला की भार घटवणं आलंच. टेहळणीची जड, पंखवाली रडार विमानं तिथून उडवता येत नाहीत. ते काम कामोव्ह-31 हेलिकॉप्टर करतं, कमी उंचीवरून आणि कमी वेळ.