फाइलचा तुकडा उतरवता येतो, आणि डेटाही तेवढाच जातो

लातूर-नांदेडकडच्या विद्यार्थ्यांच्या ग्रुपवर एक मेसेज फिरतोय. मजकूर साधारण असा: ‘वेबवरून फाइलचा भाग वेगळा उतरवता येत नाही. स्क्रिप्टनं (छोट्या प्रोग्रॅमनं) मागितला तरी डेटा पूर्ण फाइलचाच जातो. तुकडे जोडले की फाइल खराब होते. अर्धी फाइल कुणाच्या कामाची नसते. आणि हे सगळं हॅकिंग आहे, नादी लागू नका.’ दिवसाला दीड जीबीच्या पॅकवर अभ्यास करणाऱ्या पोरांना असा सल्ला महागात पडतो. तीन जीबीची फाइल दोन-तीन दिवसांत तुकड्यांनी पूर्ण करता येत असताना ती सोडून द्यायला तो सांगतो. म्हणून एकेक वाक्य घेऊन बोलतो.

‘भाग वेगळा उतरवता येत नाही.’ येतो. वेब ज्या एचटीटीपी नावाच्या नियमांवर चालतं, त्याच्या 1.1 आवृत्तीत 1997 पासून ही सोय आहे. मागणीसोबत ‘रेंज’ हेडर (मागणीला जोडलेली सूचनेची ओळ) पाठवायचं आणि त्यात ‘बाइट्स=0-999’ लिहायचं (टाइप अर्थातच रोमन अक्षरांत). मोजणी शून्यापासून आणि दोन्ही टोकं धरून होते, म्हणजे हे बरोबर हजार बाइट. सर्व्हरनं, म्हणजे फाइल ठेवलेल्या संगणकानं, मानलं तर 206 कोड येतो; त्याचा अर्थ ‘फक्त तुकडा पाठवलाय’. कुठला तुकडा आला आणि एकूण फाइल केवढी, ते ‘कन्टेन्ट-रेंज’ हेडरमध्ये दिसतं. कर्ल आणि वीगेट हे कमांड लिहून फाइल उतरवायचे प्रोग्रॅम. कर्लमध्ये यासाठी स्मॉल ‘-आर’ आहे. राहिलेलं पुढे चालू करायला कर्लमध्ये कॅपिटल ‘-सी’ आणि त्यापुढे एक आडवी रेघ, तर वीगेटमध्ये स्मॉल ‘-सी’.

‘डेटा पूर्ण फाइलचाच जातो.’ असा अनुभव अनेकांना खरंच येतो. तो का येतो, हे मात्र मेसेज सांगत नाही. रेंज मानायला सर्व्हर बांधील नाही. तो 200 कोड देऊन अख्खी फाइल पाठवू शकतो. दुसरी गडबड स्क्रिप्टमध्ये असते. पायथन भाषेच्या रिक्वेस्ट्स लायब्ररीत ‘स्ट्रीम’ (उत्तर थोडं थोडं घ्यायची सोय) चालू केलं नाही, तर आलेलं सगळं उत्तर आधी मेमरीत भरतं. तुम्ही नंतर त्यातले पहिले हजार बाइट कापून घेता, पण पॅक तोवर संपलेला असतो. स्ट्रीम चालू ठेवा, कोड बघा, 200 दिसला की कनेक्शन बंद करा. वाटेत असलेलं थोडं जास्तीचं येईल, अख्खी फाइल येणार नाही.

‘तुकडे जोडले की फाइल खराब होते.’ बाइट तेच आणि क्रम तोच असेल, तर फाइल तीच. मग खराब फाइली येतात कुठून? लाइट गेली, राउटर बंद पडला, निम्मी फाइल डिस्कवर राहिली. स्क्रिप्टनं उरलेला भाग मागितला, सर्व्हरनं 200 देऊन पहिल्यापासून सगळं पाठवलं, आणि स्क्रिप्टनं कोड न बघता ते जुन्या निम्म्याच्या शेपटीला चिकटवलं. इथेच घोळ होतो. 206 आहे का, आणि कन्टेन्ट-रेंजमधला आकडा आपल्याकडच्या शेवटच्या बाइटच्या पुढचाच आहे का, हे तपासल्याशिवाय एकही बाइट जोडू नका. दरम्यान सर्व्हरवरची फाइल बदललेली असू शकते. त्यासाठी पहिल्या उत्तरातला ‘ईटॅग’ (फाइलच्या त्या आवृत्तीची खूण) जपून ठेवा आणि पुढच्या मागणीत ‘इफ-रेंज’ हेडरमध्ये पाठवा. फाइल बदलली असेल तर सर्व्हर तुकडा न देता नवी फाइल पूर्ण पाठवतो, म्हणजे जुन्या-नव्याची भेसळ होत नाही. 416 आला, तर फाइलच्या शेवटापलीकडचं मागितलंय असं समजा; बहुतेक वेळा ती आधीच पूर्ण उतरलेली असते. शेवटी एसएचए-256, म्हणजे फाइलच्या बाइटांवरून काढलेला ठसा, फाइल देणाऱ्यानं छापलेल्या ठशाशी जुळवून बघा.

‘अर्धी फाइल कुणाच्या कामाची नसते.’ हे फाइलच्या प्रकारावर आहे. टार-जीझेड (एकत्र बांधून दाबलेली फाइल) मधल्याच भागापासून वाचता येत नाही, हे खरं. पण साध्या झिपची अनुक्रमणिका शेवटाकडे असते. तिचा पत्ता सांगणारी नोंद शेवटच्या 65,557 बाइटांत सापडतेच. मग अनुक्रमणिका आणि हवी तेवढी एकच फाइल मागवता येते. सीएसव्हीचा (ओळीओळीनं लिहिलेल्या तक्त्याच्या फाइलचा) सुरुवातीचा भाग सरळ वाचता येतो, फक्त शेवटची ओळ तुटलेली असते. मराठी मजकुरात यूटीएफ-8 या अक्षरं साठवायच्या पद्धतीप्रमाणे देवनागरीचं प्रत्येक चिन्ह तीन बाइटांचं, त्यामुळे कापलेल्या टोकाला एखादं चिन्हही फुटतं. ती ओळ टाकून द्या.

जायकवाडी धरणाचं, म्हणजे नाथसागराचं, पाणी किती पसरलंय ते उपग्रहचित्रात बघायचं असेल, तर ही सोय फारच मोलाची. सेंटिनेल-2 या युरोपीय उपग्रहाच्या चित्राच्या एका चौकोनाची बाजू सुमारे 110 किलोमीटर. दहा मीटरच्या एका बँडमध्ये (प्रकाशाच्या एका पट्ट्याच्या चित्रात) 10,980 गुणिले 10,980 बिंदू, दाबून लहान न करता सुमारे 24 कोटी बाइट. तेच चित्र ‘क्लाउड ऑप्टिमाइझ्ड जिओटिफ’ स्वरूपात असलं, की कुठल्या चौकटीतला भाग कुठल्या बाइटवर आहे ते फाइलच्या सुरुवातीलाच नोंदलेलं असतं. क्यूजीआयएस हा नकाशांचा प्रोग्रॅम ते वाचून नाथसागरापुरत्या चौकटी मागवतं. परभणीच्या कृषी विद्यापीठातला विद्यार्थी हे मोबाइलच्या हॉटस्पॉटवरही करू शकतो. त्याला ‘नादी लागू नका’ म्हणणं अन्याय आहे.

‘हॅकिंग आहे.’ नाही. व्हिडिओ पुढे सरकवला की ब्राउझर बहुधा असाच तुकडा मागतो. 2011 साली अपाचे सर्व्हरमधला एक दोष उघड झाला होता: एकाच मागणीत एकमेकांवर चढलेल्या ढीगभर रेंज पाठवून त्याची मेमरी संपवता येत होती. तो दोष दुरुस्त झाला. तरी एका फाइलसाठी पन्नास कनेक्शनं उघडू नका. पलीकडचा सर्व्हर एखाद्या लहान संस्थेचा असू शकतो. परवानगी नसलेली फाइल उतरवणं चूक आहेच, तुकड्यात असो की अख्खी.

आपल्याला हव्या असलेल्या फाइलला हे लागू आहे का, ते मोठं डाउनलोड सुरू करण्याआधी तपासा. ‘बाइट्स=0-0’ असा एकच बाइट मागा, स्ट्रीम चालू ठेवून. 206 आला तर कन्टेन्ट-रेंजमध्ये तिरक्या रेघेनंतर बहुतेक वेळा एकूण आकार मिळतो. तुकडे किती करायचे ते त्यावरून ठरवा. 200 आला तर लगेच थांबा, आणि ती फाइल कॉलेजच्या वायफायवर एका दमात उतरवा.