झरोका बुजवू नका, जाळी मारा

पारव्यांच्या त्रासाला कंटाळून माळ्याचा झरोका विटा-सिमेंटनं बुजवायचा, हा आपल्या कोल्हापुरात सर्रास चालणारा उपाय. माझं विचाराल तर त्यापेक्षा पारवे परवडले. शिवाजी पेठ, मंगळवार पेठेतल्या जुन्या घरांना झरोका ठेवलाय तो हवेसाठी. तो बंद केला की पावसाळ्यात ओल माळ्यावरच कोंडते, मग तुळया-वासे कुजतात.

जाळी घ्यायची अर्धा इंची, जीआय वेल्डमेश (जस्ताचा मुलामा दिलेल्या लोखंडी तारेची, सांधे वेल्ड केलेली), तार २२ गेज जाडीची. एक इंचीनं पारवा अडतो, पण चिमणी अंग चोरून आत शिरतेच. डासांची जाळी तर नकोच. धूळ-जळमटं बसून ती गच्च होते. अर्धा इंचीत जवळपास ९० टक्के जागा मोकळी राहते. नायलॉनचं नेट बाल्कनीला ठीक. माळ्यावर उंदीर ते कुरतडतात.

झरोक्यापेक्षा चारी बाजूंनी २ इंच जास्त कापा, कडा दुमडा आणि बाहेरूनच लावा. शिडी नको म्हणून बरेच जण आतून मारतात. मग भिंतीच्या जाडीत जो कोनाडा उरतो, तिथं पारव्याचा संसार थाटात सुरू! ६ एमएमचं ड्रिल, गिट्टी (भोकात स्क्रू धरून ठेवणारा प्लग), स्क्रू, वरून ॲल्युमिनियमची पट्टी. दर ६ इंचांला एक स्क्रू. मातीच्या भिंतीत गिट्टी धरत नाही, तिथं झरोक्याच्या लाकडी चौकटीलाच स्क्रू मारा.

त्याआधी आत कोण आहे ते बघा. झरोक्यात कागदाचा बोळा सैलसर खोचून ठेवा. २ दिवस जागचा हलला नाही, तर ये-जा नाही असं समजा. तरी बॅटरी मारून घरटं बघाच. पारवा बहुधा २ अंडी घालतो, ती साधारण १८ दिवसांनी फुटतात, पिलं उडायला आणखी महिनाभर. तेवढं थांबा राव. पिलं आत अडकून मेली तर वास, अळ्या, आणि पाप ते वेगळंच.

विष्ठा कोरडी झाडू नका, तिची धूळ फुप्फुसाला वाईट. पाणी मारून भिजवा, एन-९५ मास्क लावा, खरवडून पिशवीत भरा.

बाथरूमच्या व्हेंटिलेटरकडं मात्र आजच बघा, विशेषतः गॅस गिझर असेल तर. घरट्यानं हवा अडली की कार्बन मोनॉक्साइड आत साठतो. त्याला वास नाही, रंग नाही. घरट्यात पिलं असली तर ती उडेपर्यंत गिझरच बंद ठेवा, पाणी चुलीवर तापवा. आणि गिझरच्या धुराच्या पाइपला ही जाळी मारू नका, त्याला वेगळी टोपी मिळते.