‘मालवणचा पोरगा थेट पंतप्रधान झाला’? त्याआधी तो कौन्सिलची निवडणूक हरला होता

लिओ वराडकर यांच्यावरचा एक मेसेज वर्षातून दोन-तीनदा तरी माझ्याकडे येतोच. मजकूर थोडाफार बदलतो, सार तेच राहतं: मालवण तालुक्यातल्या वराड गावचा पोरगा डॉक्टर होऊन आयर्लंडला गेला, तिथल्या जनतेने त्याला थेट पंतप्रधानपदी बसवलं, तो त्या देशाचा आजवरचा सर्वांत तरुण पंतप्रधान आणि जगातला पहिला समलिंगी पंतप्रधान. पाठवणाऱ्यांचा हेतू चांगला असतो हे मला कळतं. पण यातलं जवळजवळ प्रत्येक वाक्य चुकीचं आहे, आणि या चुकांखाली त्या माणसाची खरी कमाई झाकली जाते.

आधी गाव. वराड हे वडिलांकडचं मूळ गाव. वडील अशोक वराडकर मुंबईचे. ते डॉक्टर म्हणून १९६०च्या दशकात इंग्लंडला गेले. तिथे स्लाउमध्ये त्यांची भेट आयर्लंडच्या वॉटरफर्ड परगण्यातल्या मिरियम या नर्सशी झाली, आणि लग्नानंतर काही वर्षांनी दोघं डब्लिनला स्थायिक झाले. लिओंचा जन्म १८ जानेवारी १९७९चा, डब्लिनचाच. ते कुठून कुठे ‘गेले’ नाहीत. ते तिथलेच. मेडिकलचं शिक्षण ट्रिनिटी कॉलेजात झालं. मुंबईच्या केईएममध्ये त्यांनी इंटर्नशिप केली, तेवढा आपल्या शहराचा संबंध खरा.

आता ‘थेट’ या शब्दाबद्दल. माझा सगळ्यात जास्त आक्षेप यालाच आहे. १९९९ साली वीस वर्षांचे असताना, मेडिकलला शिकत असतानाच, ते फिना गेल पक्षातर्फे पश्चिम डब्लिनमधल्या मुलहडर्ट भागातून कौन्सिलला उभे राहिले आणि पडले. २००३मध्ये फिंगल काउंटी कौन्सिलमध्ये कॅसलनॉकची जागा रिकामी झाली आणि त्यांना तिथे घेतलं गेलं. आयर्लंडमध्ये नगरसेवकाची जागा रिकामी झाली की पोटनिवडणूक होत नाही. ज्या पक्षाची जागा, तो पक्ष नाव देतो. आपल्याकडच्या ‘स्वीकृत’ नगरसेवकाशी मात्र याची गल्लत नको: आपल्याकडे स्वीकृताला मताचा अधिकार नसतो, तिथे असा आलेला सदस्य पूर्ण सदस्य असतो.

खरी परीक्षा २००४ची. तिथली मतपत्रिका आपल्या पदवीधर मतदारसंघासारखी असते, उमेदवारांच्या नावांपुढे १, २, ३ असे पसंतीचे आकडे लिहायचे. ठरलेला कोटा गाठला की उमेदवार निवडून येतो. त्याची जादा मतं आणि तळाला राहून बाद झालेल्यांची मतं पुढच्या पसंतीप्रमाणे इतरांकडे जातात, म्हणून मोजणीच्या फेऱ्यांवर फेऱ्या चालतात. वराडकर पहिल्याच फेरीत आले. पहिल्या पसंतीची ४,८९४ मतं, त्या वर्षीच्या स्थानिक निवडणुकांत देशभरात सर्वांत जास्त. पाच वर्षांपूर्वी पडलेला, चोवीस-पंचवीस वर्षांचा नवखा डॉक्टर! फॉरवर्ड करायचंच असेल तर हे करा ना.

२००७मध्ये तीन जागांच्या डब्लिन वेस्टमधून ते डॉलमध्ये, म्हणजे संसदेच्या कनिष्ठ सभागृहात गेले. त्याच निवडणुकीत तिथले मुरब्बी समाजवादी खासदार जो हिगिन्स पडले. २०१०मध्ये पक्षनेते एंडा केनी यांना हटवायचा प्रयत्न झाला, तेव्हा वराडकर बंडखोरांच्या बाजूला होते. बंड फसलं. तरीही २०११मध्ये केनींनी त्यांना वाहतूक खातं दिलं, पुढे आरोग्य, मग समाजकल्याण. म्हणजे कौन्सिलच्या पहिल्या पराभवापासून पंतप्रधानपदापर्यंत अठरा वर्षं. याला ‘थेट’ म्हणणं हा त्या अठरा वर्षांवर अन्याय आहे.

‘जनतेने बसवलं’ हेही नाही. २०१७मध्ये केनी पायउतार झाले आणि पक्षांतर्गत निवडणूक झाली, वराडकर विरुद्ध सायमन कोव्हनी. मतांचं वजन ठरलेलं होतं: संसदीय पक्षाला ६५ टक्के, सामान्य सदस्यांना २५, नगरसेवकांना १०. सामान्य सदस्यांत कोव्हनींना ६५ टक्के मतं पडली, वराडकरांना जेमतेम ३५. पण संसदीय पक्षात ५१ विरुद्ध २२ अशी बाजी वराडकरांनी मारली आणि एकूण ६० टक्क्यांवर ते जिंकले. १४ जून २०१७ला डॉलने ५७ विरुद्ध ५० मतांनी त्यांची टीशॉक, म्हणजे पंतप्रधान, म्हणून निवड केली. सरकार अल्पमतातलं होतं आणि मुख्य विरोधी पक्ष फियाना फॉल तटस्थ राहिला. सहकाऱ्यांचा विश्वास अशा फरकाने मिळवणं ही छोटी गोष्ट नाही, पण तो जनतेचा कौल नव्हे.

‘सर्वांत तरुण’ हे तेव्हा खरं होतं. ते ३८ वर्षांचे होते. एप्रिल २०२४मध्ये त्यांच्याच जागी आलेले सायमन हॅरिस ३७ वर्षांचे, त्यामुळे आता ते खरं नाही.

‘जगातला पहिला समलिंगी पंतप्रधान’ हेही चूक. आइसलँडच्या योहाना सिगुरदारदोत्तिर २००९मध्येच त्या पदावर होत्या, त्यांच्यानंतर बेल्जियमचे एलिओ दि रुपो आणि लक्झेंबर्गचे झाव्हिये बेतेल. या मेसेजची दुसरी आवृत्ती तर हा उल्लेखच गाळते, आणि मला त्याचं जास्त वाईट वाटतं. १८ जानेवारी २०१५ला, आपल्या छत्तिसाव्या वाढदिवशी, मंत्रिपदावर असताना त्यांनी रेडिओवर हे स्वतःहून सांगितलं. चारच महिन्यांनी सार्वमत झालं आणि ६२ टक्के मतदारांनी समलिंगी विवाहाच्या बाजूने मत दिलं. आपल्याला माणूस हवा असेल तर सगळा हवा. आडनाव ठेवून बाकीचं कापून टाकायचं नाही.

वराडला ते आले ते डिसेंबर २०१९च्या शेवटी, पंतप्रधान असताना, कुटुंबाला घेऊन. गावाने जंगी स्वागत केलं, त्या फोटोंबरोबर हा मेसेज आजही फिरतो. त्यानंतर सहाच आठवड्यांनी, ८ फेब्रुवारी २०२०ला, आयर्लंडमध्ये सार्वत्रिक निवडणूक झाली. फिना गेल ३५ जागांवर, फियाना फॉल आणि शिन फेनच्या मागे, तिसऱ्या क्रमांकावर गेला. खुद्द डब्लिन वेस्टमध्ये पहिल्या पसंतीची सर्वाधिक मतं शिन फेनच्या उमेदवाराला पडली, आणि पदावर असलेल्या पंतप्रधानांना निवडून यायला पाचव्या फेरीपर्यंत थांबावं लागलं.