नॉब आणि नऊ पळवाटा

कागदावर वर्तुळ काढायचं तर कंपासाचं टोक टेकवायचं आणि फिरवायचं. कॅडमध्ये, म्हणजे संगणकावर ड्रॉइंग करायच्या सॉफ्टवेअरमध्ये, वर्तुळ काढायचं तर आधी जबानी द्यावी लागते. कुठल्या प्लेनवर, म्हणजे कुठल्या प्रतलावर काढणार? एक्स-वाय, एक्स-झेड की वाय-झेड? उत्तर दिल्याशिवाय पेन्सिल हातात मिळत नाही. माझी अख्खी नोकरी भोसरीच्या एमआयडीसीत गेली, त्यातली सुरुवातीची वर्षं ड्रॉइंग ऑफिसात. तुमचा कागद विश्वात कुठे तोंड करून बसलाय, हे तिथे कधी कोणी विचारलं नाही. कागद बोर्डावर असायचा आणि बोर्ड खिडकीपाशी. एवढा पत्ता सगळ्यांना पुरत होता.

या वयात हा उद्योग आरंभायला कारण झालं मिक्सरचं. मिक्सर ठणठणीत आहे, फक्त नॉब तुटला. दुकानदार म्हणाला, "काका, हे मॉडेल बंद झालं. नवीन मिक्सर घ्या, जुना एक्स्चेंजमध्ये टाकू." एका नॉबपायी मोटर, तीन भांडी आणि वीस वर्षांचा घरोबा एक्स्चेंजमध्ये टाकणं मला मंजूर नव्हतं. तोवर बायको पकडीने दांडा फिरवून चटणी वाटत होती, आणि दर वेळी पकड ओट्यावर जरा जोरात ठेवत होती. त्या आवाजाचा अर्थ घरात सगळ्यांना कळत होता. तेवढ्यात मेकॅनिकलला शिकणाऱ्या भाचीचा फोन आला. "मामा, तू थ्रीडी प्रिंट का नाही करत? फ्रीकॅड डाउनलोड कर, फुकट आहे."

'फुकट' हा शब्द ऐकल्यावर माणूस पुढचं काही ऐकत नाही.

शिवाय मी मूळचा ड्राफ्ट्समन. १९८२ साली डिप्लोमा झालो. त्याच साली अमेरिकेत ऑटोकॅड बाजारात आलं, पण ती बातमी भोसरीत पोचायला दहा-बारा वर्षं लागली. ती पोचली आणि मी परचेसला बदली मागून घेतली. त्याआधी मात्र मी ए-झिरोच्या शीटवर ड्राफ्टर फिरवलेला आहे. ट्रेसिंग पेपरवर शाईची रेघ चुकली तर ब्लेडने अशी खरवडायची की कागदाला भोक पडता कामा नये, ही विद्या मला अवगत होती. अमोनिया प्रिंटच्या वासाने डोळ्यांतून पाणी काढलेलं आहे. एक नॉब म्हणजे माझ्या लेखी चहा निवायच्या आत संपणारं काम.

बारीक मापं घ्यायचा व्हर्नियर काढला. दांडा ६ मिलिमीटर, एका बाजूने तासलेला, म्हणजे इंग्रजी डी अक्षरासारखा. गोल भागापासून चपट्या बाजूपर्यंत ४.५. मूळ नॉबच्या तुकड्यांवरून व्यास ३२, उंची १५. कागदावर दोन व्ह्यू काढले, मापं टाकली, सेंटर लाइन मारली, चहा गरम होता. आता हेच तिकडे उतरवायचं.

आणि तिकडे कळलं की तिथल्या रेघा स्थिर नसतात. काढलेली रेघ माऊसचा धक्का लागला की चालायला लागते. आयत काढा, कोपरा ओढा, आयत लांबतं. वर्तुळाला बोट लावा, ते फुगतं. फोनवर भाची म्हणाली, "मामा, ते स्केच अजून मोकळं आहे. तू त्याला कन्स्ट्रेंट, म्हणजे बंधनं, दिलीच नाहीयेस." मी म्हटलं, "अगं, मी रेघ सरळ काढली आहे." ती म्हणाली, "तुला सरळ दिसतेय. त्याला सांगितलंयस का?"

इथेच सगळी मेख आहे. माझ्या ड्रॉइंगमध्ये आडवी दिसणारी रेघ आडवीच असायची, कारण ते ड्रॉइंग खाली शॉपमध्ये लेथवरचा टर्नर वाचायचा आणि टर्नरला अक्कल होती. एखादा रेडियस द्यायचा राहिला तर तो जिना चढून यायचा नाही. दोनचा मारून मोकळा व्हायचा आणि संध्याकाळी गेटवर सांगायचा, "साहेब, राहिला होता, मारला." या सॉफ्टवेअरला डोळे आहेत, अक्कल नाही, आणि याच्याकडे जिनाही नाही.

तर तो डी. त्यात दिसायला काय आहे? एक कमान, एक रेघ. फ्रीकॅडच्या हिशेबाने मात्र त्याच्यात नऊ पळवाटा आहेत. त्याला ते 'डिग्रीज ऑफ फ्रीडम' म्हणतात आणि किती शिल्लक आहेत ते बाजूला लिहून दाखवतात. कमानीच्या पाच: केंद्र डावी-उजवीकडे सरकू शकतं, वर-खाली सरकू शकतं, त्रिज्या वाढू शकते, आणि दोन्ही टोकं आपापल्या मनाने कुठेही थांबू शकतात. रेघेच्या चार, कारण तिच्या दोन टोकांना प्रत्येकी दोन दिशा मोकळ्या. मी कमानीची टोकं रेघेच्या टोकांना जोडली, चार वाटा बंद, पाच उरल्या. केंद्र उगमबिंदूवर खिळवलं, तीन उरल्या. रेघ उभी आहे असं लेखी कळवलं, दोन. त्रिज्या ३, एक. आता केंद्रापासून रेघेचं अंतर. ४.५ मधून ३ गेले, १.५. टाकलं, एंटर मारलं, आणि सगळं स्केच हिरवंगार झालं.

खोटं कशाला सांगू, मजा आली. ज्याने नोकरीत फक्त काळी शाई पाहिली त्याला रेघा आनंदाने हिरव्या होताना बघणं नवीन होतं. त्या भरात मी म्हटलं, आणखी पक्कं करू. रेघेचं वरचं टोक आणि खालचं टोक आडव्या अक्षापासून सारख्याच अंतरावर आहे, हेही सांगून टाकू. खरंच आहे ते. सांगितलं. लगेच तक्रार आली, हा कन्स्ट्रेंट जास्तीचा आहे, काढून टाका. म्हणजे कमी सांगितलं तर चालत नाही, आणि खरं असलेलं दोनदा सांगितलं तर अपमान होतो. तलाठी कार्यालयात एकच दाखला दोनदा जोडल्यावर अर्ज परत येतो, तसं. भाचीने समजावलं की रेघ उभी आहे आणि केंद्र अक्षावर आहे, यातच ते येऊन गेलं. मी म्हटलं, "म्हणजे याला एवढं कळतं! मग ती रेघ उभी आहे हे का कळत नव्हतं?" पलीकडे बराच वेळ नुसता पंख्याचा आवाज.

या छळाचं मूळ कुठे आहे ते मी शोधून काढलं. १९६३ साली एमआयटीत आयव्हन सदरलंड नावाच्या विद्यार्थ्याने पीएचडीसाठी 'स्केचपॅड' तयार केलं. पडद्यावर लाइट पेनने वेड्यावाकड्या रेघा ओढायच्या आणि यंत्राला सांगायचं, या दोन समांतर कर, या दोन सारख्या लांबीच्या कर. यंत्र करायचं. म्हणजे हे प्रकरण माझ्याहून दोनच वर्षांनी लहान आहे. वाढ मात्र माझ्यापेक्षा बरी झाली. पुढे १९८० च्या दशकाच्या अखेरीस प्रो-इंजिनियर नावाचं कॅड सॉफ्टवेअर आलं आणि माप बदललं की आकार आपोआप बदलायला लागला. आमच्याकडे माप बदललं तर जुना आकडा ब्लेडने खरवडून नवा लिहायचा, त्याच्याखाली एक रेघ मारायची आणि ड्रॉइंग तसंच ठेवायचं. खाली रेघ म्हणजे आकृती प्रमाणात नाही, आकड्यावर विश्वास ठेवा. केवढी सभ्य पद्धत! एका रेघेत सगळा मामला मिटायचा.

पुढचा टप्पा सोपा निघाला. वर्तुळ काढलं, ३२ लिहिलं, स्केच बंद केलं, 'पॅड' म्हटलं, १५ टाकले आणि पडद्यावर लादी उभी राहिली. माऊसने फिरवून तिच्याकडे मी सगळ्या बाजूंनी पाहिलं. बायकोला हाक मारून दाखवली. ती म्हणाली, "कॅरम खेळायचाय का?"

मग डीचं भोक. त्यासाठी 'पॉकेट'. तोच खालचा प्लेन घेतला, हिरवा डी काढला, खोली १२ दिली, ओके. काहीही झालं नाही. लादी अखंड. पॅड त्या प्लेनवरून वर उगवतं आणि पॉकेट त्याच प्लेनवरून खाली खणतं, आणि खाली होती हवा. सॉफ्टवेअरने मी सांगितलेल्या मापाचा खड्डा हवेत इमानदारीने पाडला होता. 'रिव्हर्स्ड' अशी एक चौकट आहे, तिथे खूण केली की खड्डा नॉबमध्ये पडतो. टर्नरने विचारलं असतं, "साहेब, भोक नॉबला पाडू ना?"

वरच्या कडेला फिलेट दिला, म्हणजे कड गोल केली, हाताला टोचू नये म्हणून. नॉब नॉबासारखा दिसायला लागला. आणि नेमकी त्याच वेळी गिऱ्हाइकाने डिझाइन बदललं.

"अहो, हा गोल गोल काय केलाय? ओल्या हाताने निसटेल. दोन्ही बाजूंनी जरा दाबा."

मागणी रास्त होती. मी पहिल्या स्केचमध्ये परत गेलो, वर्तुळाच्या दोन्ही बाजू कापून सरळ केल्या आणि बाहेर आलो. वरच्या कडेचा फिलेट तिथून उठून एका उभ्या कडेवर जाऊन बसला होता आणि वरची कड पुन्हा धारदार. याचं कारण ऐकण्यासारखं आहे. मी 'वरची कड' निवडली असं मला वाटत होतं. प्रोग्रामने मनात लिहून ठेवलं होतं, 'एज ३'. मुळात आकार बदलला, कडांची संख्या वाढली, सगळ्यांना नवे नंबर पडले, आणि एज ३ आता भलतीच कड झाली. फिलेट आपल्या नंबरला जागला. भाचीने विचारलं, "मामा, तुझं व्हर्जन कुठलंय? नोव्हेंबर २०२४ ला १.० आलं ना, त्यात हे बरंचसं सुधारलंय." माझ्या लॅपटॉपचं वय बघता मी जुनं व्हर्जन घेतलं होतं. तेव्हापासून फिलेट सगळ्यात शेवटी, हा नियम मी भिंतीवर लिहून ठेवलाय. तसाही तो सगळ्या शिकवण्यांत पहिल्याच दिवशी सांगतात म्हणे.

एका ठिकाणी मात्र म्हाताऱ्याची विद्या कामी आली, ते सांगितल्याशिवाय पुढे जाणार नाही. नॉबवर वरून एक खूण हवी, शून्य-एक-दोन-तीन दाखवणारी. मिक्सर शून्यावर असताना दांड्याची चपटी बाजू उजवीकडे असते आणि खूण वर हवी. पण भोक नॉबच्या खालच्या बाजूला, आणि खालून बघितलं की उजवं ते डावं. भाची म्हणाली, "थांब, फिरवून बघूया." मी म्हटलं, "फिरवायचं काय त्यात? बॉटम व्ह्यू आहे." फर्स्ट अँगल प्रोजेक्शनमध्ये, म्हणजे एकच वस्तू समोरून, वरून, बाजूने कागदावर मांडण्यात, ज्याने तारुण्य घालवलं त्याला खालून बघायला माऊस लागत नाही. पलीकडे पुन्हा पंख्याचा आवाज, पण या वेळी आदराने.

भोक प्रिंट झाल्यावर थोडं आवळतं असं कळल्यामुळे त्रिज्या ३.१ केली आणि रेघेचं अंतर १.६. दोन आकडे बदलले, नॉब आतून आपोआप सैल झाला, ब्लेड नाही, खरवडणं नाही. हे मी मान्य करतो, मनात नसताना.

मग एसटीएल नावाची फाइल करून प्रिंटिंगवाल्या मुलाकडे गेलो. एसटीएलमध्ये वर्तुळ नसतंच, सगळं बारीक बारीक त्रिकोणांचं. एवढी मेहनत करून जुळवलेली माझी कमान त्याने त्रिकोणांत फोडली होती, ते सोसलं. पण त्या फाइलमध्ये आकडे असतात, एकक नसतं. ३२ म्हणजे ३२ काय, ते ज्याचं त्याने समजून घ्यायचं. रेघ उभी आहे हे माझ्याकडून लिहून घेणाऱ्यांनी मिलिमीटर हा शब्द मात्र वाटेत टाकून दिला! त्या मुलाच्या संगणकावर आधीच्या कुणीतरी इंच करून ठेवलं होतं. तो पडद्याकडे बघत म्हणाला, "काका, हा प्रिंटरच्या बेडवर बसत नाहीये. ८१२.८ मिलिमीटर दाखवतोय." ३२ इंची नॉब. भाटघर धरणाचा दरवाजा उघडायला ठीक. सेटिंग बदलल्यावर मूळ मापावर आला आणि तासाभरात छापून झाला. काळ्या प्लास्टिकचं रीळ संपलं होतं म्हणून केशरी.

नॉब बसला. सैल नाही, घट्ट नाही. शून्य शून्यावर, एक एकवर. बायकोने खोबऱ्याची चटणी वाटली, दोनवर नेलं, परत शून्यावर आणलं, रंगाबद्दल काही बोलली नाही. मग कपाट उघडून मोठ्या भांड्याचं झाकण काढलं. त्याची पकडायची मूठ गेल्या वर्षीच तडकली होती.

"आता एवढं येतंच आहे तर ही पण करून टाका."

मूठ हातात घेऊन फिरवली. तिच्यात एक रेघ सरळ नव्हती. कुठून बघितलं तरी वळण, आणि एक वळण दुसऱ्यासारखं नाही. व्हर्नियर कुठे लावायचा तेच कळेना. फोटो काढून भाचीला पाठवला. बऱ्याच वेळाने उत्तर आलं, "मामा, याला सरफेस मॉडेलिंग लागेल. ते आम्हाला पुढच्या सेमिस्टरला आहे. तोपर्यंत मामीला सांग, डिझाइन रिव्ह्यूमध्ये आहे."