वेतनश्रेणी वेगळी म्हणून पद वेगळं होत नाही

तुमची प्रतिक्रिया काल रात्री वाचली, सकाळी परत वाचली. मागच्या पोस्टमध्ये मी प्रतिनियुक्तीवर (म्हणजे दुसऱ्या खात्यात तात्पुरतं) येऊन तिथेच कायम समावेशन झालेल्यांची समकक्ष, म्हणजे त्याच दर्जाच्या, पदावरची आधीची सेवा ज्येष्ठतेत धरली पाहिजे असं सुप्रीम कोर्टाच्या रूपलाल निकालाच्या आधारे लिहिलं, त्यावर तुम्ही म्हणता, "रूपलालचा निकाल अर्धवट सांगून लोकांना कोर्टात पाठवू नका, मूळ पदाची वेतनश्रेणी कमी तर ते समकक्ष कसं, आधी सेवाप्रवेश नियम वाचा आणि मग ब्लॉग लिहा."

एक चूक मान्य. निकाल डिसेंबर १९९९ चा आहे, मी २००० लिहिलं कारण तो त्या वर्षीच्या निकालांच्या रिपोर्टमध्ये छापलाय. दुरुस्त केलं.

पण "आधी वाचा" हे कुणाला म्हणताय? माझं मत पटलं नाही तर नाही म्हणा, पण ज्या माणसाने सदतीस वर्षं फायलीत घालवली त्याला शाळेतल्या पोरासारखं झापायचं काही कारण नव्हतं.

आता वेतनश्रेणी. राज्यपुनर्रचनेनंतर वेगवेगळ्या राज्यांतून आलेल्या लोकांची पदं जुळवताना जो वाद झाला त्यात १९६८ साली पी. के. रॉय प्रकरणात सुप्रीम कोर्टाने चार कसोट्या मान्य केल्या. कामाचं स्वरूप, अधिकार आणि जबाबदारी, भरतीची किमान पात्रता, आणि सगळ्यात शेवटी पगार. शेवटी! रूपलालमध्ये बीएसएफचे सब-इन्स्पेक्टर दिल्ली पोलिसांत आले, तिथेही पगाराचा फरक पुढे केला गेला आणि कोर्टाने सांगितलं की नुसत्या पगारावरून समकक्षता ठरत नाही. ह्यात मी अर्धवट काय सांगितलं ते तुम्ही लिहिलेलंच नाही.

आणि मी हे पुस्तकात वाचून बोलत नाही. एका महामंडळात अकरा वर्षं लेखा लिपिक होतो, मग एका सरकारी खात्यात प्रतिनियुक्तीवर आलो, चार वर्षांनी समावेशन झालं. टेबल तेच, कॅशबुक तेच, कोषागारातून परत आलेली बिलं तीच, ऑडिटच्या परिच्छेदांना उत्तरं लिहिणारा मीच, आणि ज्येष्ठता यादीत माझं नाव तळाला कारण जुनी श्रेणी एक पायरी खाली होती. ज्या मुलाला मी कॅशबुक लिहायला शिकवलं तो निवडसूचीत, म्हणजे बढतीच्या यादीत, माझ्या वर आला आणि माझ्या रजेच्या अर्जावर त्याची सही घ्यावी लागली, त्याचा काही दोष नव्हता, पण तो अर्ज टेबलावर ठेवताना काय वाटतं ते नियमांच्या पुस्तकात सापडत नाही. मी निवेदनं देत बसलो आणि मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) दाद मागायची एक वर्षाची मुदत गेली, म्हणून लोकांनी वेळेत जावं असं लिहितो. ह्याला तुम्ही "कोर्टात पाठवणं" म्हणता ते मला लागलं, खरंच लागलं.

बाकी तुमचे मुद्दे, की पदोन्नतीला त्याच संवर्गातला अनुभव लागतो आणि स्वेच्छेने आलेल्याने हक्क सोडलेला असतो, त्यात मी आत्ता पडत नाही, पोस्टचा विषय तो नव्हताच.

नुसत्या वेतनश्रेणीवर समकक्षता नाकारलेला सुप्रीम कोर्टाचा निकाल तुमच्याकडे असेल तर त्याचा क्रमांक टाका, आजच वाचतो. नाव न लावता उपदेश करणारी पुढची कमेंट मात्र मी ठेवणार नाही.