‘सिनेमा वर्षभर बंद ठेवा’ म्हणणाऱ्या त्या मेसेजला उत्तर

तो मेसेज तुमच्याही फोनवर येऊन गेला असेल. ‘सिनेमावाल्यांचं कटू सत्य’ असा मथळा, वर तीन लाल दिवे, खाली जोडलेले हात. पहिल्यांदा कॉलनीच्या ग्रुपवर आला तेव्हा मी न वाचताच पुसला. दुसऱ्यांदा आत्याने पाठवला, तेव्हा तिला अंगठा दाखवला (मराठीतला नव्हे, व्हॉट्सअ‍ॅपवरचा). तिसऱ्यांदा मात्र तो मला पूर्ण ऐकावा लागला. सिन्नरला भाच्यासाठी मुलगी बघायला गेलो होतो, पोह्यांची बशी हातात होती. मुलीच्या वडिलांनी चष्मा लावला, मोबाइल लांब धरला आणि सहाच्या सहा मुद्दे मोठ्याने वाचले. मग भाच्याकडे बघून म्हणाले, “राग मानू नका, पण हे काही काम नाही.”

भाचा मुंबईत गोरेगावला शूटिंगवर लाइटमन आहे. नऊ वर्षं झाली. तो काही बोलला नाही. नाशिकरोड येईपर्यंत गाडीत माझी बहीणही बोलली नाही.

मी तीस वर्षं नाशिकला सातपूरच्या कारखान्यात कॉस्टिंग, म्हणजे मालाच्या खर्चाचा हिशेब बघितला. सिनेमा मला फार कळतो असं नाही, पण आकडा कुठे थाप मारतो ते कळतं. म्हणून हा खटाटोप.

मेसेज म्हणतो : एक, सिनेमाने ५०० कोटींचा गल्ला केला म्हणजे ५०० कोटी निर्मात्याच्या आणि हिरोच्या खिशात. दोन, हे लोक कर भरत नाहीत, उलट ‘टॅक्स फ्री’ करून घेतात. तीन, मराठीवाले अनुदानावर जगतात. चार, सिनेमा वर्षभर बंद ठेवा, देशात एकाही घरची चूल विझणार नाही. पाच, आपल्या नाशिकच्या दादासाहेब फाळक्यांनी एकट्याने, घरच्या घरी, कुणापुढे हात न पसरता सिनेमा काढला, मग आज शेकडो माणसं लागतात कशाला? सहा, हिरो एका सिनेमाचे १०० कोटी घेतो.

चौथ्यापासून सुरू करतो, कारण सोयरीक त्याच्यावर मोडली.

वर्षभर बंद ठेवा म्हणे. अहो, ठेवला होता की! २०२० साली १९ मार्चपासून मुंबईतली शूटिंगं थांबली, थिएटरंही त्याच सुमारास बंद झाली. महाराष्ट्रातली थिएटरं ५ नोव्हेंबरला निम्म्या खुर्च्यांवर उघडली, दुसऱ्या लाटेत पुन्हा बंद झाली आणि २२ ऑक्टोबर २०२१ला परत उघडली. म्हणजे या मेसेजवाल्याला जो प्रयोग करून बघायचाय तो देशाने करून झालेला आहे, आणि त्याचा ताळेबंदही छापून आला आहे. फिक्की ही उद्योजकांची संघटना आणि ईवाय ही सल्लागार कंपनी, या दोघांचा करमणूक उद्योगावर दरवर्षी अहवाल निघतो. त्यात २०१९ सालचं देशातल्या थिएटरांचं उत्पन्न ११,५०० कोटी रुपये आहे. २०२० सालचं? २,५०० कोटी. २०१९मध्ये १,८३३ सिनेमे लागले होते, २०२०मध्ये ४४१. कारखान्याचं उत्पादन असं कोसळलं असतं तर गेटवर काय दृश्य असतं हे सातपूर-अंबडवाल्यांना मी सांगायला नको. इथे गेटच नव्हतं, एवढाच फरक. माणसं विखुरली आणि कुणाला दिसली नाहीत.

आम्हाला एक दिसला. भाचा एप्रिलमध्ये घरी आला, सोबत खोलीतला एक सुतार, सेट उभारणारा. त्याचं गाव दूर, गाड्या बंद. दोघं पिंपळगावला कांद्याच्या खळ्यावर प्रतवारीला जात होते. हजार वॅटचे दिवे डोक्यावर वाहणारा मुलगा संध्याकाळी कांद्याच्या फोलपटांनी भरून यायचा आणि मोबाइलवर बघायचा, युनियनच्या ग्रुपवर कुठे काम सुरू झाल्याची बातमी आहे का. ‘एकाही घरची चूल’ म्हणणाऱ्याने त्या वर्षी आमच्या बहिणीकडे यायला हवं होतं. चूल विझली नाही, हे खरं. कांद्यावर पेटली.

आणि ‘काम नाही’ म्हणजे काय? भाचा एकदा इगतपुरीला तीन दिवसांच्या शूटिंगला आला होता. मी डबा घेऊन गेलो. हिरो दोन तास आला आणि गेला. मी हिशेबी माणूस, मोजत बसलो : लाइटमन, सेटिंगवाले, पेंटर, स्पॉटदादा, मेकअपदादा, ड्रेसवाले, फोकस पुलर, बूम, म्हणजे माइकची लांब काठी धरून हात भरून आलेला मुलगा, ट्रॉलीचे रूळ टाकणारे, जनरेटरवाला, कॅटरिंगवाले, गाड्यांचे ड्रायव्हर, उन्हात सकाळपासून उभे ज्युनियर आर्टिस्ट. एकशे दहाच्या पुढे मोजणं सोडलं. जनरेटरचं डिझेल घोटीहून आलं होतं, भाजीही तिथूनच, आणि ज्याच्या बांधावर कॅमेरा लागला त्या शेतकऱ्याला भाडं मिळालं होतं. हे सगळे दिवसावारी. शिफ्ट भरली तर पैसे, नाही तर नाही. २००८च्या ऑक्टोबरमध्ये मुंबईतल्या सिनेकामगारांच्या संघटनांनी काम बंद केलं होतं. मागण्या काय होत्या? थकलेले पैसे द्या आणि शिफ्ट बारा तासांत संपवा. बारा! आमच्या कारखान्यात बारा तासांना दीड शिफ्ट म्हणायचे आणि युनियनचा माणूस दारात उभा असायचा. फेब्रुवारी २०२०मध्ये चेन्नईजवळ एका सेटवर दिव्यांची क्रेन कोसळली, तिघं गेले. तिघंही पडद्यामागचे.

सिन्नरच्या काकांचा एक सवाल मेसेजमधला नव्हता, त्यांचा स्वतःचा होता : पगारपत्रक कुठे आहे? सवाल रास्त आहे. पण उत्तर ‘हे काम नाही’ असं निघत नाही. सिनेकामगार आणि चित्रपटगृह कामगार यांच्यासाठी संसदेने १९८१ सालीच कायदा केला. कामगाराशी लेखी करार करा, हे त्यात आहे. आता तो कायदा २०२०च्या कामगार संहितेत सामावून घेतला आहे. करार कागदावर होत नसेल तर तो करून न देणाऱ्याचा दोष, काम करणाऱ्याचा कसा?

आता पाचवा मुद्दा. खरं तर हाच मला सर्वांत झोंबला, कारण लिहिणारा नाशिकचं नाव घेऊन थापा मारतो. फाळके त्र्यंबकेश्वरला जन्मले, ३० एप्रिल १८७०. पांडवलेणीच्या पायथ्याशी त्यांचं स्मारक आहे, शाळेच्या सहलीला आपण सगळेच गेलोय. पण त्यांचा पहिला सिनेमा ‘राजा हरिश्चंद्र’ नाशिकला झालाच नाही. तो दादरला झाला आणि ३ मे १९१३ला गिरगावात कॉरोनेशन थिएटरमध्ये लागला. नाशिकला त्यांची हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी १९१८मध्ये आली, तीही भांडवलदार भागीदार घेऊन. पुढे त्याच भागीदारांशी वाद होऊन फाळके कंपनी सोडून काशीला निघून गेले, मग परत आले. ‘कुणापुढे हात न पसरता’ तर बोलूच नका. विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढून ते विलायतेला गेले, बायकोचे दागिने गहाण पडले.

आणि ‘एकट्याने’? सरस्वतीबाई फाळके रात्री जागून कच्च्या फिल्मला कडेची भोकं पाडत होत्या. उन्हात पांढरी चादर ताणून धरत होत्या, नटावर उजेड पडावा म्हणून. म्हणजे आमच्या भाच्याचंच काम, उजेड परतवायच्या थर्माकोलऐवजी चादर घेऊन. वर सगळ्या चमूचा स्वयंपाक, म्हणजे कॅटरिंग. आजच्या हिशेबाने एकट्या बाईने तीन खाती सांभाळली, आणि मेसेजवाल्याच्या लेखी त्या नव्हत्याच. (तशी त्यांच्या नंतरची गतही फार बरी नाही. मेकअपवाल्यांच्या युनियनचं कार्ड बायकांना नाकारायची मुंबईतली प्रथा मोडायला सुप्रीम कोर्टाला २०१४ साली निकाल द्यावा लागला.) त्या सिनेमात राणी तारामती झालेले साळुंके हॉटेलात आचारी होते. त्या काळी सिनेमात काम करतो म्हटलं की लोक दारात उभं करत नसत. म्हणून फाळक्यांनी आपल्या माणसांना सांगून ठेवलं होतं म्हणतात, कुणी विचारलं तर हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहे असं सांगा.

हे वाचून मला हसू आलं नाही. कारण स्थळाच्या बायोडेटात भाच्याने ‘व्यवसाय’ या रकान्यात ‘इलेक्ट्रिकल लाइन’ असं लिहिलं होतं. शंभराहून जास्त वर्षं झाली, आणि पोरगं अजून फॅक्टरीचंच नाव सांगतंय.

असो. पैशाकडे येतो. पहिला आणि दुसरा मुद्दा एकत्र घेतो, कारण एकच हिशेब दोघांना पुरतो. शंभर रुपयांहून महाग तिकिटावर जीएसटी १८ टक्के. म्हणजे ५०० कोटींच्या गल्ल्यातले ७६ कोटी आधी सरकारचे. उरले ४२४. त्यात थिएटरचा वाटा. २००९ साली निर्माते आणि मल्टिप्लेक्सवाले दोन महिने भांडले, तेव्हा ठरलं ते असं : पहिल्या आठवड्यात निम्मं निम्मं, मग निर्माता-वितरकांच्या बाजूला ४२.५, मग ३७.५, पुढे ३० टक्के. ढोबळ सरासरी ४५ धरली, उदार मनाने, तर १९० कोटी. त्यातून वितरकाचं कमिशन, डिजिटल प्रिंटची फी, जाहिरात, आणि मुळात सिनेमा करायला आलेला खर्च. ओटीटीचे (इंटरनेटवर दाखवायचे) आणि सॅटेलाइटचे (टीव्हीवर दाखवायचे) पैसे वेगळे येतात, तेही धरा. पण ५०० हा आकडा किराणा दुकानाच्या विक्रीसारखा आहे. दुकानदाराच्या गल्ल्यात दिवसभरात पन्नास हजार पडले म्हणून कुणी त्याला रोज पन्नास हजार कमावणारा म्हणत नाही.

आणि ५०० कोटीवाले किती? त्याच अहवालात २०२३चे आकडे बघा, ते तर विक्रमी वर्ष होतं : १,७९६ सिनेमे, थिएटरांचा गल्ला सुमारे १२,००० कोटी. भागाकार करा. सिनेमागणिक पावणेसात कोटीही नाहीत. वरचाच हिशेब लावला तर निर्मात्या-वितरकाच्या हाती अडीच कोटी. तेही सरासरीने, आणि सरासरी इथे फसवी आहे, कारण वरचे थोडे सिनेमे बहुतेक गल्ला गिळतात. खालच्या शेकडोंना पोस्टरचा खर्चसुद्धा सुटत नाही.

‘टॅक्स फ्री’बद्दल अर्धं खरं आहे, सोडून देतो. राज्य सरकार अधूनमधून एखाद्या सिनेमाला सवलत देतं आणि त्यामागे कधी कधी राजकारण असतं. पण जीएसटी आल्यापासून राज्य फक्त आपल्या हिश्शाचा कर सोडू शकतं, केंद्राचा चालूच राहतो. पूर्वी महाराष्ट्रात हिंदी सिनेमाच्या तिकिटावर ४५ टक्के करमणूक कर होता. नाशिकच्या सर्कल, हेमलता थिएटरांना रांगेत उभे राहून आपणच तो भरत होतो आणि भरतोय हे माहीत नव्हतं.

तिसरा मुद्दा, मराठी अनुदान. वर्षानुवर्षं ‘अ’ दर्जाला ४० लाख आणि ‘ब’ दर्जाला ३० लाख, असं ते होतं, आणि तेही सिनेमा पूर्ण होऊन, सेन्सॉर होऊन, समितीने बघितल्यावर. आधी खिशातले घालायचे. केवळ अनुदानावर डोळा ठेवून सिनेमा उरकणारे महाभाग आहेत, नाही असं नाही. पण चाळीस लाखांत उद्योग जगतो म्हणणाऱ्याने एकदा जनरेटर व्हॅनचं एका दिवसाचं भाडं विचारून यावं.

राहिला सहावा. इथे मला नाइलाजाने मान डोलवावी लागते. मोठ्या नटांची मानधनं खरोखर हाताबाहेर गेली आहेत. हे मी नव्हे, करण जोहरने २०२४मध्ये मुलाखतीत सांगितलं : चालणारे नट जेमतेम दहा, ते चंद्र-सूर्य मागतात, ३५ कोटी घेतात आणि पहिल्या दिवशी सिनेमा साडेतीन कोटींचा. स्वतः निर्माता बोलतोय म्हटल्यावर मी काय वाद घालू? पण मेसेजवाल्याने यातून काढलं काय, तर सगळा धंदाच लुटारूंचा. कॉस्टिंगवाल्याला विचारलं असतं तर त्याने दुसरं सांगितलं असतं. बजेटमधली एक ओळ फुगली आणि एकूण तेवढंच ठेवायचं असलं की बाकीच्या ओळी चेपतात. नटाची ओळ कुणी चेपत नाही. दोन लाइटमन कमी घ्या, एक दिवस कमी करा, नाइट लांबवा, पेमेंट नव्वद दिवसांनी करा, हे चेपतात.

सिन्नरच्या काकांना मी हे सगळं पाठवलंय. त्यांनी निळी खूण दिली, उत्तर दिलेलं नाही. भाचा परवाच पंचवटी एक्स्प्रेसने मुंबईला गेला, नव्या मालिकेची नाइट आहे. आधीच्या कामाचे नव्वद दिवस येत्या सोमवारी भरतात. त्याने बहिणीला सांगितलंय, मंगळवारी फोन कर, सोमवारी करू नकोस.